चिमाजीच्या नावाची उचकी

ओझरला बिऱ्हाड हललं तर शुभांगीच्या पदरात काय काय पडणार होतं, ते तिनं झेंडू तोडता तोडता किती वेळा तरी मोजून ठेवलं होतं. खोलीत नळ. पायाखाली फरशी. नवरा कारभारी तिकडच्या कारखान्यात फिटर. त्याचं एम-एटी गाडीवर रोज अठरा किलोमीटर जाणं आणि अठरा येणं बंद. शेजारच्या खोलीत शिवणकाम शिकवणारी बाई, तिच्याकडे दुपारचे दोन तास मशीन. आणि एक गोष्ट ती मोजायची, पण बोटावर धरायची नाही. भर दुपारी बांधावर बसायचं, झेंडूच्या चिकानं काळ्या पडलेल्या बोटांनी भाकरी मोडायची, आणि त्या भाकरीला झेंडूचाच वास यायचा. हे एकदाचं सुटणार होतं.

खर्चाच्या बाजूला एकच नाव होतं, सासूचं.

कुसाबाई हलायला तयार नव्हती. तिला एकटीला मळ्यात टाकून जावं एवढा निगरगट्टपणा ना कारभारीत होता, ना शुभांगीत. असता तर दोघं श्रावणातच ओझरला जाऊन नळाखाली बादली लावून बसले असते.

"दिवाळीच्या पाडव्याला येतो म्हणून खोलीवाल्याला शब्द दिलाय आई," कारभारी जेवताना म्हणायचा. "मळा वाट्यानं देऊ. तू आपली खोलीत बस, देवाचं कर."

"तुम्ही जा ना बाबा. मी कुठं तुमच्या पायात पाय घालू राहिले?"

"आन् तू?"

"माझी उचकी इथं येती," कुसाबाई म्हणायची, आणि ताटात हात धुवायची.

ही उचकी भादव्यातली. चिमाजी, म्हणजे कुसाबाईचा नवरा, जेठात गेला. विहिरीतली मोटार वर ओढता ओढता छातीत कळ आली, दोर हातातच राहिला. सत्त्याण्णव सालचा पाऊस मग यथातथाच लागला, पण झेंडू बरा आला. फुलांना माणूस मेल्याचं काय. दीड एकर झेंडू आणि अर्धा एकर शेवंती, दोघी सासू-सुना सकाळी सातला वाकायच्या त्या बाराला सरळ व्हायच्या. देठ नखानं खुडायचा, मूठ भरली की पदराच्या ओट्यात, ओटा भरला की पाटीत. कुसाबाईचा अंगठा चाळीस वर्षांत एका बाजूला वळून गेला होता. तो तसा वळल्यामुळं देठ बरोबर तुटतो, असं ती अभिमानानं सांगायची, जणू अंगठा शाळेत घालून शिकवला होता.

भादव्यातल्या एका दिवशी बारा वाजता दोघी बांधावरच्या करंजाखाली बसल्या. शुभांगीच्या फडक्यात भाकरी आणि छोट्या डब्यात डाळीचं कालवण होतं. कुसाबाईचं जेवण ठरलेलं: बाजरीची भाकरी आणि ठेचा, वर थेंब नाही. दुसरा घास घशाखाली जातो न जातो तोच तिला उचकी लागली.

"कोण आठवण काढू राहिलं बाई," कुसाबाई म्हणाली आणि छातीवर हात ठेवून नावं घ्यायला लागली. निफाडच्या बहिणीचं घेतलं, "आक्काबाई," उचकी गेली नाही. येवल्याच्या भावाचं घेतलं. कारभारीचं घेतलं. शुभांगीनं आपल्या माहेरची चार नावं उधार दिली, ती पण फुकट गेली. उचकीनं म्हातारीचे खांदे उडत होते, डोळ्यांना पाणी आलं होतं. अशानं दोन तास गेले.

तेवढ्यात इनायत टेम्पो घेऊन आला. वीस वर्षं तो या मळ्यातली फुलं पंचवटीच्या बाजाराला नेत होता. टेम्पोतून उतरला, पाट्यांकडं बघितलं, मग म्हातारीकडं.

"काय झालं भाभी?"

"उचकी," शुभांगीनं सांगितलं. "समदी नावं घेऊन झाली."

"समदी?" इनायत हसला. "आन् आपला चिमाजीभाई? तो याद करत असंल की."

उचकी थांबली.

नुसती थांबली नाही, नळ बंद करावा तशी थांबली. कुसाबाई हात छातीवर ठेवून तशीच बसून राहिली. करंजाची दोन पानं तिच्या पदरावर पडली, ती पण तिनं झटकली नाहीत. मग म्हणाली, "बरं हाय म्हंजी त्यांचं."

आता यातली मेख अशी होती की कुसाबाई नवऱ्याचं नाव घेणार नव्हती. लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. नवऱ्याचं नाव तोंडातून काढलं की त्याचं आयुष्य कमी होतं, असं तिच्या आईनं सांगितलेलं. तिनं ते पाळलं, चिमाजी तरीही एकसष्टाव्या वर्षी गेला. पण पाळलेली गोष्ट माणूस मेला म्हणून सोडायची, हे काही तिला पटत नव्हतं. शुभांगी सून, तिनं सासऱ्याचं नाव घ्यायचा प्रश्नच नव्हता. म्हणजे घरात दोन बाया, आणि त्या दोघींना एक नाव उच्चारता येत नाही.

राहिला कारभारी. एका रविवारी तो घरी असताना उचकी लागली. तो पुढं झाला, घसा खाकरला आणि म्हणाला, "चिमाजी सखाराम." उचकी चालूच. परत म्हणाला, "चिमाजी सखाराम, वय एकसष्ट."

"पोरा, ही हाक हाय का?" कुसाबाई दोन उचक्यांच्या मधे म्हणाली. "रेशनकारड वाचू राहिला तू."

चिमाजीला ज्यानं त्याच्या जिवंतपणी त्या नावानं हाक मारली, त्यानंच मारायला पाहिजे, असा नियम मग आपोआप पडला. असे दोघंच उरले होते. इनायत, पण तो दुपारी दोननंतर यायचा. आणि दुसरा बांधापलीकडचा सहादू.

सहादू हा चिमाजीचा चुलतभाऊ, दोन महिन्यांनी मोठा. विहीर दोघांत निम्मी. बांधावरची एक बाभूळ चिमाजीनं औतासाठी तोडली आणि सहादू म्हणाला ती माझ्या अंगाला, माझ्या हद्दीत होती. तेव्हापासून सात वर्षं दोघं बोलत नव्हते. पाण्याची पाळी चार-चार दिवसांची. ज्याची पाळी संपली त्यानं मोटारीच्या खोपटाची किल्ली खिळ्याला लावायची, दुसऱ्यानं काढून घ्यायची. सात वर्षं त्या खिळ्यानं दोघांचा निरोप पोचवला. चिमाजी गेल्यावर मात्र किल्ली पाचव्या दिवशी लागायला लागली, कधी सहाव्या. शेवंतीची पानं माना टाकायची. बायांच्या राज्याला कोण भितं.

पाचव्या दिवसाची अशीच एक दुपार. किल्ली नाही, शेवंती कोमेजलेली, इनायतला यायला दोन तास, आणि कुसाबाईची उचकी काही केल्या थांबेना. तिच्या बरगड्या दुखायला लागल्या होत्या, ती एका हातानं करंजाचं खोड धरून बसली होती.

शुभांगीनं पदर खोचला आणि बांध ओलांडला. सहादूचे टोमॅटो नुकतेच भिजवलेले. पाय घोट्यापर्यंत रुतले.

"पाय बघून टाक," सहादू ओळीतून न उठताच म्हणाला. "रोपं हायेत ती, हरळी नाय. पाळीचं बोलायला आली आसशील तर कारभारीला पाठव."

"पाळीचं नाय नाना. आत्याबाईंना उचकी लागलीय."

"मंग साखर द्या."

"साखरंनं नाय थांबत. नाव घ्यावं लागतं."

"मंग घ्या की. मी काय भट हाय का?"

"आम्हाला नाय घेता येत," शुभांगी म्हणाली. चिखलात उभी राहून, ज्यानं आपलं पाणी अडवलंय त्याच्याकडं एका नावाची भीक मागायची, हे तिला तोंडात खडा आल्यासारखं लागत होतं. "मामंजींचं घ्यावं लागतं."

सहादूचं खुरपं थांबलं. त्यानं वर बघितलं, मग करंजाकडं. तिथून म्हातारीच्या उचकीचा आवाज येत होता, रहाटाच्या कुरकुरीसारखा, एका मापात.

"सात वर्षं मी त्याचं नाव नाय काढलं तोंडातून," तो म्हणाला.

"माहीत हाय."

"आन् तू म्हणती घे."

"आत्याबाई म्हणत्यात, ते आठवण काढत्यात आन् निरोप पोचवायला माणूस नाय."

सहादू उठला. गुडघे धरत धरत बांधापर्यंत आला. बांधाच्या अलीकडंच थांबला, पलीकडं पाय टाकला नाही. कुसाबाईनं थोरल्या दिराला बघून डोक्यावरचा पदर नाकापर्यंत ओढला, आणि पदराच्या आत ती उचकत राहिली. सहादूनं तोंडाला दोन्ही हात लावले, आणि लांबच्या शेतातल्या माणसाला मारावी तशी हाक मारली.

"चिमाऽ! ए चिमाऽजी!"

हाक शेवंतीवरून गेली, नदीकडच्या उसावर आपटली. पदरातला आवाज थांबला.

सहादू हात तसेच धरून जरा वेळ उभा राहिला. पलीकडून 'ओ' येते की काय, असं बघत असावा. मग हात खाली घेतले.

"थांबली का?"

"थांबली," शुभांगी म्हणाली.

"मंग उभी का? जा."

दुसऱ्या दिवशी सकाळी किल्ली खिळ्याला होती.

पुढं हे रोजचंच झालं. रोजचं म्हणजे एकाआड एक दिवस. सहादूचं टोमॅटोचं काम दुपारी बाराच्या सुमाराला बांधाजवळच निघायला लागलं. पूर्वी तो त्या वेळेला घरी जाऊन झोपायचा. शुभांगीनं नुसतं उठून उभं राहायचा अवकाश, की तिकडून हाक.

कुसाबाईला उचकीतून निरोप पण यायला लागले. उचकी लांबली की ती शेवंतीबद्दल. थोडक्यात आटपली की पोराबद्दल. एकदा हाक झाल्यावर ती उठली आणि सरळ पाटाच्या कडेच्या ओळी बांबूच्या काड्यांनी बांधायला लागली.

"हे काय मधीच?"

"कडंच्या ओळी बांधून घ्या म्हणले. वारं येणार."

"उचकीत एवढं म्हणता येतं?"

"तुझ्या लग्नाला दोन वर्षं झाली," कुसाबाई म्हणाली. "चाळीस वर्षं झाली की उचकीत बी समजतं. निम्मं आपलंच असतं त्यात, निम्मं त्यांचं. कुठलं कुणाचं ते बघत बसायचं नाय."

वारं आलं, दसऱ्याच्या आधी दोन दिवस. सहादूची टोमॅटोची झाडं आडवी झाली. शेवंती उभी होती.

आता शुभांगी काही बावळट नव्हती. सातवीपर्यंत गणितात पहिली होती. तिनं बघून ठेवलं होतं की उचकी लागते ती दुसऱ्या-तिसऱ्या घासाला. भाकरी कोरडी, ठेचा जाळ, दात निम्मे, आणि जवळ पाणी नाही. पाण्याची कळशी होती ती शंभर पावलांवर, खोपटाच्या वळचणीला. म्हातारी स्वतः कधी पाणी घेऊन यायची नाही.

"तुम्ही तांब्या का नाय आणत संगं?" तिनं एकदा विचारलं.

"मी कशाला आणू? हे आणायचे."

चिमाजी घरी जेवून दुपारी मळ्यात यायचा तो हातात तांब्या घेऊन, वर फुलपात्र पालथं. बायकोसमोर ठेवायचा आणि पाठ करून बसायचा. उचकी लागलेली असलीच तर म्हणायचा, "माहेरचं कोण आठवण काढतंय, आं? न्यायला येऊ राहिलं का?" चाळीस वर्षं एकच चेष्टा. कुसाबाई चाळीस वर्षं तिला हसली होती.

म्हणजे हिशेब सरळ होता. ओझर आणि शुभांगीच्या मधे उभी होती ती एक उचकी, आणि उचकीला लागत होता एक तांब्या पाणी.

दसरा झाला. झेंडूची पहिली मोठी तोड पंचवटीला गेली. त्यानंतरच्या दिवशी शुभांगीनं सासूच्या जेवणाआधी तांब्या आणून ठेवला. चिमाजीचाच पितळी तांब्या, चिंचेनं घासलेला, वर फुलपात्र पालथं.

कुसाबाईनं तांब्याकडं बघितलं. मग सुनेकडं. 

"तुझ्या मनात आलं व्हय हे?"

"हां. म्हणलं, घसा कोरडा पडतो तुमचा."

"असंच मनात आलं?"

"असंच," शुभांगी म्हणाली, आणि कालवणात बोटं बुडवली.

कुसाबाईनं फुलपात्र भरलं, घासागणिक घोट घेतला. उचकी आली नाही. दुसऱ्या दिवशी नाही. तिसऱ्या दिवशी नाही. बांधापलीकडं सहादू दोनदा सरळ उभा राहून बघून गेला. एकदा उगाच खोकला. चौथ्या दिवशी खोकला जरा मोठा होता.

सहाव्या दिवशी रात्रपाळीहून आलेल्या कारभारीला चहा देताना कुसाबाई म्हणाली, "पाडव्याचं ठरवून टाक. येते मी."

कारभारीनं चहा सांडला. शुभांगी भाकरी थापत होती. तिचे हात परातीत जरा थांबले आणि परत फिरायला लागले. पडलं पदरात. एवढं सोपं असेल असं वाटलं नव्हतं.

सोपं मिळालेलं पचायला जड जातं, हे मात्र गणितात शिकवत नाहीत. कुसाबाई आवराआवर करायला लागली, ती लेकीला सासरी पाठवताना करावी तशी. खुरपं इनायतच्या बायकोला, शहनाजला, पाठवून दिलं. "ओझरच्या गॅलरीत काय खुरपायचं," म्हणाली. करंजाखाली जेवायला बसायची, पण एक भाकरी असायची तिथं अर्धी व्हायला लागली. जेवण झालं तरी उठायची नाही. हनुवटी वर करून, एक हात छातीवर, गावाबाहेर जाऊन एसटीची वाट बघत बसलेल्या माणसासारखी बसायची. मग आपली उठायची. उरलेल्या अर्ध्या भाकरीचा चुरा चिमण्यांना.

वसूबारसेच्या आदल्या दिवशी दोघी शेवंतीला आधार बांधत होत्या. शुभांगीनं सुतळी धरली होती, कुसाबाई गाठ मारत होती.

"तुम्ही मनापासून येऊ राहिल्या ना आत्याबाई?" शुभांगीनं विचारलं. "नंतर म्हणाल, सुनंनं ओढून नेलं."

"तू कशाला ओढशील? त्यांनीच सांगितलं."

"कधी?"

"तू तांब्या आणला त्या दिवशी." कुसाबाईनं गाठ आवळली. "चाळीस वर्षं मला पाणी त्यांनी दिलं. गेल्यावर बी त्यांना घोर असंल, हिचं पाणी कोण बघतं. म्हणून रोज आठवण काढायचे. आन् एक दिस अचानक तुझ्या मनात येतं, त्यांच्याच तांब्यात, वर तसंच फुलपात्र घालून. मी म्हणलं, झालं. सुनंच्या हातात तांब्या देऊन मोकळा झाला माणूस. आता उचकी येणार नाय." ती पुढच्या झाडाकडं सरकली. "मोकळं झाल्यावर अडवू नाय बाई. म्हणून म्हणलं, चला ओझरला."

शुभांगीच्या हातातली सुतळी सुटली.

"धर की," कुसाबाई म्हणाली. "अजून तीन ओळी हायेत."

त्या तीन ओळी शुभांगीनं कशा धरल्या ते तिला ठाऊक. सांगावं असं दहादा तोंडाशी आलं. तांब्या मामंजींनी नाही धाडला, मी आणला. उचकी मारायला आणला. पण हे सांगून म्हातारीच्या हातात काय उरलं असतं? मेलेला माणूस मोकळा झाला नाही, आणि जिवंत सून लबाड निघाली. एका वाक्यात दोन तोटे. तिनं तोंड मिटून धरलं.

दुसऱ्या दिवशी दिवाळीची तोड होती. इनायत दोन खेपा करणार होता. सकाळपासून दोघींनी मान वर केली नाही. पाठीचे मणके वाळल्या शेंगांसारखे वाजत होते. बाराला शुभांगी खोपटापाशी गेली, तांब्या भरला, फुलपात्र पालथं घातलं, आणि निघाली. पाटापाशी थांबली. करंजाखाली कुसाबाई फडकं सोडत होती, तिची पाठ इकडं होती. शुभांगीनं तांब्या शेवंतीच्या बुंध्याशी ओतला. पूर्ण. फुलपात्रातले दोन थेंब सुद्धा झटकले.

रिकामा तांब्या घेऊन ती सासूजवळ जाऊन बसली आणि तो आपल्या मागं आडवा ठेवला.

"पाणी?" कुसाबाईनं विचारलं.

"ठेच लागली वाटंत. सांडलं."

"लागलं का कुठं?"

"नाय. जेवा तुम्ही. मी मागनं आणते."

पहिला घास गेला. दुसरा गेला. शुभांगी स्वतः जेवत नव्हती. सासूच्या गळ्याकडं बघत होती. तिसऱ्या घासाला कुसाबाईचा हात तोंडापाशीच थांबला. डोळे मोठे झाले. खांदा उडाला.

"अगं," कुसाबाई म्हणाली, आणि परत उचकी. "अगं बाई. आले."

शुभांगी उठायच्या आत बांधापलीकडं सहादू उभा होता. आज त्यानं थांबून विचारलं नाही. बांध ओलांडून इकडं आला, सात वर्षांत पहिल्यांदा, आणि शेवंतीच्या पहिल्या ओळीपाशी उभा राहिला. दम लागला होता.

"पंधरा दिस झाले," तो शुभांगीवर खेकसला. "पंधरा दिस झाले, बोलावलं नाय कुणी. मी तिकडं रोज बसू राहिलो गुडघे मोडून. काय झालं, कळवायचं नाय का माणसाला?"

"नाव घ्या नाना."

सहादूनं तोंडाला हात लावले नाहीत. लांब हाक मारायचीच नव्हती त्याला. शेजारच्या माणसाशी बोलावं तसं, खाली बघत म्हणाला, "चिमाजी. बाभळीचं सोड आता. तुझ्याच अंगाला व्हती."

उचकी थांबली.

कुसाबाईनं पदरातून दोन्ही हात जोडले. दिराला की कुणाला, ते कळलं नाही. सहादू टोपीनं तोंड पुसत परत गेला. जाताना त्याचा पाय शेवंतीवर पडला, एक फांदी मोडली, आणि कुणी काही बोललं नाही.

मग कुसाबाई सुनेकडं वळली. तिच्या मागं आडवा पडलेला तांब्या तिनं ओढून घेतला, आत बघितलं, बाहेरून बघितलं. कुठं पोचा नव्हता. माती लागलेली नव्हती.

"ठेच लागली म्हणतीस."

शुभांगी आपलं फडकं सोडायला लागली.

"मला वाटलं व्हतं, त्यांनी दिला तुझ्या हातात. तू आपलाच आणलेला व्हय?"

शुभांगीनं मान खाली घातली. झेंडूच्या चिकानं काळी झालेली बोटं एकमेकांत अडकवली, सोडवली.

"मी अडाणी असंन," कुसाबाई म्हणाली, "पण कोरड्या भाकरीनं उचकी लागती एवढं मला बी कळतं पोरी. लागती कशानं ते कुणी बी सांगंल. थांबती कुणाच्या नावानं, ते बघायचं असतं." आता ती रागावेल असं शुभांगीला वाटलं. कुसाबाईनं उरलेली भाकरी निम्मी मोडली, ठेच्याची पुडी पुढं सरकवली. "जेव. तू तर अजून घास नाय घेतला."

दोघी जेवल्या. कोरडंच जेवल्या. शुभांगीला ठसका लागला तेव्हा म्हातारीनं तिच्या पाठीवर वाकड्या अंगठ्याच्या हातानं थोपटलं, आणि "माहेरचं कोण आठवण काढतंय, आं?" म्हणाली. मग स्वतःच हसली, आणि हसता हसता तिनं पदर डोळ्याला लावला.

दोन वाजता इनायत आला. पाट्या चढवता चढवता म्हणाला, "पाडव्याला सामान न्यायला किती वाजता येऊ?"

कुसाबाई काही बोलायच्या आत शुभांगी म्हणाली, "नका येऊ चाचा. नाय जायचं आम्हाला."

संध्याकाळी कारभारीला तिनं सांगितलं ते एवढंच: मला नाय करमायचं ओझरला. आईनं नाही म्हटलं का, असं त्यानं तीनदा विचारलं. नाही, आत्याबाई तर तयार होत्या, माझंच मन होईना, असं तिनं तीनदा सांगितलं. कुसाबाई चुलीपाशी बसली होती. तिनं एकदा तोंड उघडलं, शुभांगीनं तिच्या हातात परात दिली आणि पीठ मळायला लावलं. कारभारीनं मग चार दिवस बायकोशी बोलणं टाकलं. खोलीवाल्याला दिलेला शब्द गेला, त्याची खोली नगरकडच्या एका वायरमननं घेतली.

गावात गोष्ट कुठं थांबते. सायखेड्याच्या बाजारात, पिठाच्या गिरणीत, नदीच्या घाटावर एकच ऐकू यायला लागलं. म्हातारी बिचारी जायला निघाली होती, खुरपं सुद्धा देऊन टाकलं, आणि ऐन वेळेला सून अडून बसली. नवऱ्याचा जीव रोज छत्तीस किलोमीटर फुफाट्यात चाललाय, त्याचं काही नाही हिला. माहेर जवळ म्हणून राहिली असणार. सहादूच्या बायकोनं यात दोन गोष्टी घरच्या घातल्या. कुसाबाईनं कुणाकुणाला खरं सांगायचा प्रयत्न केला, पण सासू सुनेची बाजू घेते म्हणजे सुनेनं तिला दाबलंय, असाच त्याचा अर्थ निघाला.

तेव्हा मांडून बघायचंच तर असं. कारभारीचं रोजचं पेट्रोल आणि पाठ गेली. सहादूचा पाळीतला चोरीचा एक दिवस गेला, शिवाय एक बाभूळ. कुसाबाईच्या बरगड्या दुखत राहिल्या, त्याची तिनं तक्रार केली नाही. एकाआड एक दुपारी शेवंतीवरून नाव निघत होतं चिमाजीचं. आणि गावभर नावं ठेवली जात होती ती शुभांगीला.